शेतातील कोयता आणि दप्तरातील कोयता
स्वसंरक्षणाचा हक्क आहे, मग शस्त्र बाळगण्याचा का नाही?

३० सप्टेंबर २०२४ रोजी बारामती शहरातील एका महाविद्यालयाच्या आवारात बारावीच्या एका विद्यार्थ्याचा कोयत्याने वार करून खून झाला. संशयित म्हणून ज्यांची नावे पुढे आली तेही अल्पवयीन विद्यार्थीच होते. कारण होते आधी झालेल्या किरकोळ वादाचे. त्यापूर्वी २७ जून २०२३ रोजी पुण्याच्या सदाशिव पेठेत एका तरुणाने पिशवीतून कोयता काढून भररस्त्यात एका विद्यार्थिनीचा पाठलाग केला. स्पर्धा परीक्षेची तयारी करणारे तरुण धावून आले म्हणून तिचे प्राण वाचले.

या दोन घटनांनंतर बारामती व इंदापूर परिसरातील अनेक घरांत एक अस्वस्थ प्रश्न विचारला जाऊ लागला. मुलगा म्हणतो, "मारायला नाही, जवळ असावं म्हणून ठेवलंय." मुलीचे वडील विचारतात, "तिच्या पर्समध्ये काहीतरी असायला नको का?" दोन्ही उद्गारांमागची भीती खरी आहे. परंतु भीती वाटते म्हणून शस्त्र घेऊन बाहेर पडणे कायद्याला मान्य आहे काय, हे फार थोड्यांना ठाऊक असते. म्हणून या विषयाचा शांतपणे विचार करणे आवश्यक आहे.

कायदा शस्त्र कशाला म्हणतो?

पणदरे हे बारामती–नीरा रस्त्यावरचे, नीरा डाव्या कालव्याच्या पाण्यावर पोसलेल्या ऊस-पट्ट्यातील गाव. शेजारी माळेगावचा साखर कारखाना, पलीकडे सोमेश्वर, इंदापूरच्या बाजूला भवानीनगरचा छत्रपती कारखाना. या टापूत कोयता हे भाकरी मिळवून देणारे अवजार आहे. ऊसतोडीच्या व्यवहारात नवरा-बायकोच्या जोडीलाच 'एक कोयता' म्हणतात. एकटा मजूर असला तर तो 'अर्धा कोयता'. मुकादमाकडून मिळणारी उचलसुद्धा कोयत्याच्या हिशेबाने ठरते. माणसाला अवजाराचेच नाव मिळावे इतके हे लोखंड येथील जीवनाशी जडलेले आहे.

कायद्यानेही हे ओळखले आहे. शस्त्र अधिनियम, १९५९ मध्ये शस्त्राची व्याख्या करताना केवळ घरगुती किंवा शेतीच्या वापरासाठी घडवलेल्या वस्तू वगळल्या आहेत. लाठी आणि साधी चालण्याची काठी ही उदाहरणे तेथे नावानिशी दिली आहेत. शस्त्र नियम, २०१६ च्या अनुसूचीत तलवार, खंजीर, भाला यांच्याबरोबर ९ इंचांहून लांब किंवा २ इंचांहून रुंद पात्याची धारदार शस्त्रे येतात. मात्र घरगुती, शेतकी, शास्त्रीय अथवा औद्योगिक कामासाठी बनवलेली साधने त्यातून वगळलेली आहेत. बंदूक, पिस्तूल यांना तर सर्वत्र परवाना लागतोच. २०१९ च्या दुरुस्तीनंतर परवानाधारकालाही पूर्वीच्या तीनऐवजी दोनच बंदुका बाळगता येतात आणि लग्न-वरातीत हर्षाने गोळीबार करणे हा स्वतंत्र गुन्हा झाला आहे.

मग शेतातील कोयता मोटारसायकलच्या डिकीत गेला की काय होते? येथे दुसरा कायदा पुढे येतो. महाराष्ट्र पोलीस अधिनियम, १९५१ च्या कलम ३७ अन्वये शांतता व सुरक्षितता राखण्यासाठी शहरात पोलीस आयुक्त आणि ग्रामीण भागात जिल्हा दंडाधिकारी सार्वजनिक ठिकाणी शस्त्रे, सोटे, सुऱ्या, काठ्या, किंबहुना शारीरिक इजा करता येईल अशी कोणतीही वस्तू बाळगण्यास मनाई करू शकतात. सण, निवडणुका, मोर्चे अशा काळात हे आदेश वरचेवर निघतात. त्यांचा भंग केल्यास कलम १३५ प्रमाणे एक वर्षापर्यंत कारावासाची शिक्षा होऊ शकते. कोयत्यासह पकडलेल्या तरुणांवर पोलीस साधारणतः या दोन्ही कायद्यांची कलमे लावतात. पहिला कायदा वस्तू कशासाठी घडवली हे पाहतो. दुसरा, ती कोठे व केव्हा नेली हे पाहतो. फडात ज्याचा प्रश्नच उद्भवत नाही, तेच महाविद्यालयाच्या फाटकाशी गुन्हा ठरते.

हक्क बचावाचा, सज्ज होऊन फिरण्याचा नव्हे

"कायद्यानेच स्वसंरक्षणाचा हक्क दिला आहे," असे पुष्कळदा ऐकू येते. ते अगदी खरे आहे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय न्याय संहितेत कलम ३४ ते ४४ मध्ये हा हक्क नमूद आहे. जुन्या दंड संहितेत तो ९६ ते १०६ या कलमांत होता. आपल्याच नव्हे, दुसऱ्याच्या शरीराचे रक्षण करण्याचाही तो हक्क आहे. प्राणघातक हल्ला, बलात्काराच्या हेतूने केलेला हल्ला, अॅसिडहल्ला अशा प्रसंगी हल्लेखोराचा मृत्यू झाला तरी बचाव करणारी व्यक्ती दोषी ठरत नाही. उसाच्या फडात एखाद्या मजूर स्त्रीवर अत्याचाराचा प्रयत्न झाला आणि तिने हातातील कोयता चालवला, तर कायदा तिच्या बाजूने उभा राहतो. दर्शन सिंग विरुद्ध पंजाब राज्य या खटल्यात २०१० साली सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे की, संकटात सापडलेल्या माणसाचा प्रतिकार तराजूत तोलून मोजता येत नाही. धोका खरोखर जाणवावा एवढे पुरे आहे.

परंतु याच संहितेच्या कलम ३७ ने दोन मर्यादा घातल्या आहेत. बचावासाठी आवश्यक त्याहून अधिक इजा करता येत नाही. आणि सरकारी यंत्रणेचे साहाय्य घेण्यास अवधी असेल तर हा हक्क उरत नाही. "काल त्यांनी मला धमकी दिली, म्हणून आज कोयता घेऊन आलो," असे सांगणारा मुलगा आपल्या बचावाचे कारण देत आहे असे त्याला वाटते. प्रत्यक्षात तो आपल्याच विरुद्ध पुरावा देत असतो. काल धमकी मिळाली असेल तर पोलीस ठाण्यात जाण्यास एक रात्र आणि एक सकाळ त्याच्या हाती होती. शिवाय दोन्ही बाजू तयारीनिशी भिडल्या तर न्यायालये स्वसंरक्षणाचा दावा सहसा मानत नाहीत.

तेराव्या शतकात संत थॉमस अक्विनास यांनी हाच विवेक मांडला होता. आपला जीव वाचवणे धर्म्य आहे, पण त्यासाठी वापरलेले बळ गरजेहून अधिक असेल तर ते कृत्य अधर्म्य होते, असे त्यांचे प्रतिपादन आहे. ख्रिस्तसभेच्या धर्मशिकवणीतही हे तत्त्व आले आहे. प्रमाण हा नीती आणि कायदा यांना जोडणारा धागा आहे.

देशाने हा मार्ग का निवडला?

१८७८ च्या ब्रिटिश शस्त्र कायद्याने भारतीयांना निःशस्त्र केले, याचा सल स्वातंत्र्य चळवळीत खोल होता. १९३१ च्या कराची काँग्रेसच्या ठरावात नियमांच्या अधीन राहून शस्त्र बाळगण्याच्या हक्काची मागणी होती. डिसेंबर १९४८ मध्ये घटना समितीत हरी विष्णू कामत यांनी तशी दुरुस्ती सुचवली. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी तिला विरोध केला आणि ती फेटाळली गेली. संविधानाच्या १९ व्या अनुच्छेदाने नागरिकांना एकत्र जमण्याचा हक्क दिला, तोही 'शांततेने व विनाशस्त्र' या अटीवर. अपवाद आहे तो शिखांच्या कृपाणाचा. २५ व्या अनुच्छेदाच्या स्पष्टीकरणात तो धर्मपालनाचा भाग म्हणून मान्य झाला आहे.

अन्य देशांत याच प्रश्नाला निरनिराळी उत्तरे मिळाली. अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने जून २०२२ मध्ये न्यूयॉर्कच्या कायद्यासंबंधी निकाल देताना घराबाहेरही स्वसंरक्षणार्थ बंदूक बाळगण्याचा नागरिकांचा हक्क मान्य केला. ब्रिटनमध्ये १९५३ पासून सार्वजनिक ठिकाणी शस्त्र बाळगणे गुन्हा असून 'कधी गरज पडली तर' हे कारण तेथे चालत नाही. आपल्याकडे दुकानात सहज मिळणारा पेपर स्प्रेसुद्धा तेथे निषिद्ध शस्त्र आहे. मुलीला शिक्षणासाठी लंडनला पाठवताना तिच्या सामानात तो ठेवणाऱ्या पालकांनी हे लक्षात घ्यावे.

स्त्रियांच्या हाती काय द्यावे?

दिल्लीतील डिसेंबर २०१२ च्या घटनेनंतर महाराष्ट्रातही शस्त्रांची भाषा वाढली. जानेवारी २०१३ मध्ये मुंबईत शिवसेनेने महिलांना छोट्या पात्याचे हजारो चाकू वाटले. जानेवारी २०१४ मध्ये कानपूरच्या आयुध कारखान्याने स्त्रियांसाठी 'निर्भीक' हे सुमारे अर्धा किलो वजनाचे रिव्हॉल्व्हर बाजारात आणले. किंमत सव्वा लाखाच्या घरात. ज्या स्त्रीला रात्रपाळी संपवून पायी घरी जावे लागते तिच्या आवाक्यात ते नव्हते, आणि जिच्या आवाक्यात होते ती बहुधा मोटारीने जाणारी होती.

त्या मानाने पेपर स्प्रे हे साधन उपयुक्त आहे. त्याला शस्त्र परवाना लागत नाही, आणि हल्लेखोराला क्षणभर थोपवून पळून जाण्यास तो पुरेसा ठरतो. मात्र त्याचाही मनमानी वापर करता येत नाही. मालमत्तेच्या वादात पेपर स्प्रे मारल्याच्या एका प्रकरणात कर्नाटक उच्च न्यायालयाने मे २०२४ मध्ये त्याला घातक साधन मानले आणि जिवाला तातडीचा धोका नव्हता म्हणून स्वसंरक्षणाचा दावा स्वीकारला नाही.

संशयाचे ओझे कोणावर?

२०२३ च्या आरंभी पुणे शहर पोलिसांनी कोयता विकताना ग्राहकाचे आधार कार्ड पाहावे, अशी सूचना दुकानदारांना केली. हेतू चांगला होता. परंतु गळीत हंगामात बीड, अहिल्यानगर या जिल्ह्यांतून आलेल्या मजुरालाही कोयता लागतो. त्याची पात झिजते, मोडते. रात्रीच्या विजेवर दारे धरायला जाणारा शेतकरीही बिबट्याच्या भीतीने काठी किंवा कोयता घेऊनच बाहेर पडतो. मनाई आदेशाची शब्दयोजना इतकी व्यापक आहे की, अंमलबजावणी करणाऱ्याने विवेक सोडला तर हे दोघेही संशयित ठरू शकतील. म्हणून पोलिसांनी लोखंड पाहण्याआधी हात, वेळ आणि जागा पाहावी, ही अपेक्षा रास्त आहे. कायदा मुळात तेच सांगतो.

दुसऱ्या बाजूला, नागरिकाने शस्त्र बाळगू नये असे सांगणाऱ्या शासनावर त्याच्या रक्षणाची जबाबदारी दुपटीने येते. बारामतीत ऑक्टोबर २०२४ मध्ये 'शक्ती अभियान' सुरू झाले, ते याच जबाबदारीची जाणीव ठेवून. ११२ हा क्रमांक राज्यभर उपलब्ध आहे. पण एस.टी. थांब्यावर दिवा नसेल, तक्रार घेऊन आलेल्या मुलीला ठाण्यात ताटकळत बसावे लागत असेल, तर पालकांना केलेला उपदेश पोकळ ठरतो. ग्रामसभेत रस्त्याच्या डांबरीकरणाबरोबर हा विषयही मांडला गेला पाहिजे.

पालकांसाठी दोन शब्द

सोळा ते अठरा वर्षे वयाच्या मुलाने खुनासारखा निर्घृण गुन्हा केला तर बाल न्याय अधिनियम, २०१५ नुसार प्राथमिक मूल्यमापनानंतर त्याच्यावर प्रौढाप्रमाणे खटला चालू शकतो. 'लहान आहे, सुटेल' हा समज सोडून द्यावा.

मुलाच्या दप्तरात कोयता सापडला तर तो काढून घेणे आवश्यकच आहे. परंतु तेवढ्याने काम संपत नाही. तो कोणाला भितो आहे, कोणाच्या संगतीत आहे, समाजमाध्यमावर शस्त्र मिरवणारी कोणाची चित्रे पाहतो आहे, हे आधी शांतपणे विचारावे. धमकी खरी असेल तर त्याच दिवशी शिक्षकांना व पोलिसांना सोबत जाऊन सांगावे. कालची भांडणे आज मिटवण्यास अवधी असतो, ही गोष्ट कायद्याने ओळखली आहे. तो अवधी मुलांना वापरायला शिकवणे हे मोठ्यांचे काम आहे.