कागद सोडा!

गोदीत जहाजातून एक गोण उतरली तरी तिची टॅली लागते. आकडा चुकला तर मुकादम आमच्या आईबहिणीचा उद्धार करतो. पण गरिबाचं घर ठाण्याच्या कपाटात उतरतं तेव्हा टॅली नाही, पोच नाही. विचारलं तर वर डोळे वटारतात.

माझ्या बापाचं घर असंच उतरलं. उत्तर नागपुरातल्या लेआउटमधला एक प्लॉट, हमालीच्या पैशातून हप्ते फेडून घेतलेला. २०१९ साली कळलं, सोसायटीच्या सेक्रेटरीनं तोच प्लॉट खोट्या कागदांवर आणखी दोघांना विकलाय. बाप ठाण्यात गेला. फिर्यादी म्हणून गेला, आरोपी म्हणून नव्हे! तपास करणाऱ्या साहेबानं मूळ रजिस्ट्री आणि नासुप्रचं नियमितीकरण पत्र मागितलं. बापानं दिलं. पुढं सेक्रेटरी जामिनावर सुटला. कागद अजून आत आहेत.

ठाणं म्हणतं, कोर्टात पाठवले. कोर्टातला बाबू म्हणतो, ठाण्यात विचारा. बहिणीच्या नर्सिंगच्या फीसाठी बँकेत घर तारण ठेवायला गेलो, तर बँक म्हणाली मूळ कागद आणा. बाप ओट्यावर बसून म्हणाला, "चोरानं अर्धं नेलं बाबू, उरलेलं म्या सोताच नेऊन देल्लं."

आता कायद्याचं बघा. त्याच २०१९ च्या सप्टेंबरात सर्वोच्च न्यायालयानं नेवाडा प्रॉपर्टीज विरुद्ध महाराष्ट्र सरकार या खटल्यात ठरवलं, की फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०२ खाली पोलिसांना घर-जमीन जप्त करता येत नाही. वाजवा टाळ्या! पण पुढचं वाचा. मालकीचे कागद मात्र जप्त करता येतील, ती वेगळी गोष्ट, असं त्याच निकालात आहे. ज्याचे चार बंगले त्याला ती वेगळी असेल. आमचं घर कागदावरच उभं आहे. कागद गेला की आम्ही पुन्हा अतिक्रमणवाले!

तपासाला कागद लागतो, मान्य. बनावट सही तपासायची तर मूळच लागणार. तो सेक्रेटरीचा खोटा कागद ठेवा खुशाल शंभर वर्षं! पण आमची खरी रजिस्ट्री दुय्यम निबंधकाच्या दप्तरात नोंदलेली आहे. तिची प्रमाणित नक्कल मिळते, ती कोर्टात चालते. मग नक्कल तुम्ही ठेवा ना, मूळ आमचं आम्हाला द्या. आज उलटं चाललंय. मूळ सडतंय मालखान्यात आणि बाप झेरॉक्स छातीशी धरून फिरतोय.

२००२ साली सुंदरभाई देसाई खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं बजावलं होतं, की जप्त मुद्देमाल पंधरा दिवस, फार तर महिनाभर, त्यापुढं ठाण्यात ठेवू नका. १ जुलै २०२४ पासून नवी नागरिक सुरक्षा संहिता आली. तिचं कलम ४९७ म्हणतं, कोर्टापुढं आलेल्या मालाची १४ दिवसांत यादी करा, फोटो काढा आणि पुढच्या ३० दिवसांत त्याचा निकाल लावा. कायदा आहे, तारखा आहेत. मग अडतं कुठं? सुपूर्दनाम्यावर कागद मागता येतो, हेच गरीब फिर्यादीला कुणी सांगत नाही. कळलं तरी वकिलाची फी, बुडालेला रोज आणि दर तारखेला 'साहेब रजेवर'.

मित्रांनो, १९६४ साली दादासाहेब गायकवाडांच्या हाकेवर हजारो भूमिहीन जमिनीसाठी जेलात गेले. आमच्या आज्याच्या नावावर वीतभर जमीन नव्हती. सरकारी शिक्क्याचा कागद नावावर असलेला बाप हा खानदानातला पहिला. तोच कागद आज सरकारच्याच कपाटात कोंडलाय, आणि याला हे न्याय म्हणतात!

म्हणून मागतो, भीक म्हणून नव्हे. मूळ कागद घेताना सही-शिक्क्याची पोच त्याच जागी द्या. खऱ्या कागदाची प्रमाणित नक्कल ठेवून मूळ महिन्यात परत करा. सुपूर्दनाम्याचा अर्ज मराठीत छापून प्रत्येक ठाण्याच्या भिंतीवर लावा. आणि वस्तीतल्या पोरांनो, यापुढं कुणाचा बाप ठाण्यात एकटा जाता कामा नये. चौघं सोबत जा. पोच मिळाल्याशिवाय उठू नका.

जय भीम!