पावणेनऊ तासांचा हिशेब

कामावर अमुक वाजतां गेलेला मनुष्य तमुक वाजतां परतला, तर त्यानें किती वेळ काम केलें, हा प्रश्न प्राथमिक शाळेच्या गणितांत असतो, तसा सोलापुरांतील कारखान्यांच्या हजेरीपुस्तकांतहि असतो. शाळेंत तो चुकल्यास गुण जातो; हजेरीपुस्तकांत चुकल्यास काय जातें, इकडे वाचकांचें लक्ष वेधणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

एक विणकर सकाळीं आठास मागावर उभा राहिला, सायंकाळीं सव्वापांचास सुटला, व मध्यें अर्धा तास जेवावयास गेला, असें समजूं. सव्वानऊ तासांतून अर्धा तास वजा जातां काम पावणेनऊ तासांचें झालें. मजुरी तासास 80 रुपये धरल्यास त्याचे 700 रुपये होतात. परंतु आठ तास पंचेचाळीस मिनिटें हा काळ कारकुनानें 8.45 असा मांडून यंत्रावर गुणला कीं उत्तर 676 येतें! रोजचे चोवीस रुपये गेले. 26 दिवसांचे 624. यांत लबाडी कोणाचीहि नसेल. मालक विश्वासानें सही करील, मजूरहि करील. कायदा किमान वेतनाचा दर बांधून देतो. गुणाकार मात्र कारकुनाच्या हातीं राहतो.

ही चूक उपजते कोठें? 1 एप्रिल 1957 पासून रुपयाचे शंभर पैसे झाले. पुढें वजनेंमापेंहि दशमान झालीं. तें इष्टच झालें. पण घड्याळ साठांवरच राहिलें, आणि मुलें त्यालाहि शंभराचा नियम लावूं लागलीं. जुन्या पंतोजींच्या शाळेंत पावकी, निमकी, पाउणकी, सवायकी, दिडकी, अडीचकी, औटकी घोकून घेत. अर्थ न कळतां, पुष्कळदां छडीच्या धाकानें. ती छडी आम्हांस परत नको आहे. परंतु पाव उणे नऊ म्हणजे पावणेनऊ, हें ज्याला कळलें तो नवांचे 720 मांडून त्यांतून पावाचे 20 काढील; त्यास यंत्र लागणार नाहीं. आमच्या शहरांत तेलुगू, कानडी व उर्दू बोलणारीं घरें पुष्कळ. तेथल्या मुलास 'पावणे' शब्द परका वाटेल. पण तेलुगूंत मुप्पावु, कानडींत मुक्कालु, उर्दूंत पौन आहेच. शिक्षकानें त्या शब्दापासून आरंभ करावा.

'असर' संस्थेच्या 2023 च्या पाहणींत ग्रामीण भागांतील 14 ते 18 वर्षांच्या मुलांना पट्टीवर लांबी मोजावयास दिली होती. वस्तु शून्यापाशीं ठेवली तेव्हां सुमारें 85 टक्के मुलांचें उत्तर बरोबर आलें. ती शून्यापासून सरकवितांच प्रमाण 39 टक्क्यांवर घसरलें. मजुराचा दिवसहि शून्यावर सुरू होत नाहीं. तो आठास होतो. यास्तव शाळांनीं पाटीवर रेघ ओढून आठापासून सव्वापांचापर्यंत मुलांकडून टप्प्याटप्प्यानें चालवून घ्यावें: आठ ते बारा चार तास, बारा ते पांच पांच तास, वर पाव. मग जेवणाचा अर्धा तास काढावा. सूत्र मागाहून सांगितलें तरी चालेल.

आणि तोंवर आमच्या व्यापारी व कारखानदार बंधूंनीं हजेरीपुस्तकांत मिनिटें कशीं मांडलीं आहेत तें या महिन्याच्या पगारापूर्वीं स्वतः उघडून पाहावें.