शंभर आमदारांची पावसाळी ऑफर

जानकीपुरम, लखनऊ
ऑगस्ट 2024

समाजवादी पक्षाचे अध्यक्ष श्री. अखिलेश यादव यांस,


मी मूळचा महाराष्ट्रातला, आता जानकीपुरमचा. 18 जुलैची तुमची भाजपवाल्यांना दिलेली ‘मान्सून ऑफर’ वाचून इथले शेजारी खूप हसले. शंभर आमदार आणा, सरकार बनवा! मला हसू आलं नाही. आमच्या महाराष्ट्रात 2022 साली शिवसेनेतून शिंदे गट फुटला, तेव्हा हा विनोद खरा झाला होता.

तुम्हाला मोह का झाला, ते कळतं. लोकसभेत उत्तर प्रदेशात भाजप 62 वरून 33 वर घसरला, तुम्ही 37 वर गेलात. 14 जुलैला लखनऊतल्याच भाजपच्या बैठकीत मुख्यमंत्री योगी आदित्यनाथांनी अतिआत्मविश्वासावर खापर फोडलं आणि उपमुख्यमंत्री केशवप्रसाद मौर्य यांनी संघटना सरकारपेक्षा मोठी, असं सुनावलं.

पण शंभराचा हिशेब जमतो कुठे? तुमचे 2022 चे 111 आणि हे शंभर मिळून बहुमताचा 202 चा टप्पा पार होतो खरा. पक्षांतरबंदी कायदा मात्र आमदारकी टिकवायला पक्षाचे दोन तृतीयांश आमदार मागतो. म्हणजे भाजपच्या निवडून आलेल्या 255 पैकी 170. त्याहून कमी असले, तर आमदारकी उरते विधानसभा अध्यक्षांच्या मर्जीवर, आणि अध्यक्ष भाजपचे. ती मर्जी कशी चालते ते आम्ही पाहिलंय. शिंदे गटाचा निकाल यायला जानेवारी 2024 उजाडला, आणि अपात्र कुणीच ठरलं नाही. शिवाय फेब्रुवारीत राज्यसभेच्या मतदानात तुमचेच सात आमदार, मुख्य प्रतोदासकट, पलीकडे गेले. तेव्हा जी गद्दारी होती, ती पावसाळ्यात ऑफर कशी झाली?

भाजपमधली खरी फट नझूल जमिनींच्या विधेयकात पडली होती. सरकारी मालकीच्या या जमिनींवर पिढ्यानपिढ्या लोक भाडेपट्ट्यावर राहतात, प्रयागराजमध्ये तर फारच. 31 जुलैला विधानसभेत विधेयक मंजूर झालं. तुमच्या आमदारांनी विरोध केला, पण चर्चा झाली ती भाजपच्याच हर्षवर्धन वाजपेयी आणि सिद्धार्थनाथ सिंह यांच्या आक्षेपांची. दुसऱ्या दिवशी विधान परिषदेत खुद्द भाजपचे प्रदेशाध्यक्ष भूपेंद्र चौधरी उठले आणि विधेयक प्रवर समितीकडे गेलं. एका सभागृहात स्वतःच मंजूर केलेलं दुसऱ्या सभागृहात स्वतःच अडवायचं! विरोधकांना याहून काय हवं असतं?

तेव्हा शंभर आमदार राहू द्या. नझूल जमिनीचा भाडेपट्टा संपलेल्या कुटुंबाचं पुढे काय व्हावं, याचा तुमच्या पक्षाचा मसुदा विक्रमादित्य मार्गावरच्या कार्यालयातून जाहीर करा. भाजपच्या ज्या आमदारांनी तोंड उघडलं, त्यांना पक्ष सोडायला न सांगता त्या मसुद्यावर पाठिंबा मागा. त्यासाठी कुणाची आमदारकी जात नाही.

आपला,
जानकीपुरमचा एक मराठी मतदार