सालगडी ‘घरातलाच माणूस’?



‘वेठबिगारी निजामाबरोबर संपली, सालगडी तर घरातलाच माणूस’ हे आपल्या अंकातले म्हणणे खोडायला हवे. कर्जापोटी राबवून घेण्याच्या ‘भगेला’ करारांवर निजामाच्या राजवटीतच नियम झाला होता. तरी १९७६ च्या वेठबिगारी निर्मूलन कायद्याला ‘भगेला’चे नाव घालून ती पद्धत बंद करावी लागली. आणि घरातल्या माणसाचे साल कोणी पाडव्याला ठरवते का? त्याचे ताट गोठ्यात वाढते का?

उचल, म्हणजे आगाऊ घेतलेली रक्कम, राजीखुशीची, हे म्हणणेही अर्धेच. सक्तीची मजुरी उचलीपोटीच आहे असे गृहीत धरावे, उलट सिद्ध करणे मालकाचे काम, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८३ मध्येच सांगितले. मुखेड-कंधारच्या ऊसतोडीच्या कोयत्याच्या जोड्या आजही उचल फेडायलाच साखर कारखान्यांवर जातात. वेठबिगारी कायद्यातली दक्षता समिती आपल्या जिल्ह्यात शेवटची कधी बसली, तेवढे लेखकाने विचारून छापावे.

– एक वाचक, अहमदपूर (जि. लातूर)