गुंडाळलेलें ऑम्लेट आणि घरचा तवा

एकत्र कुटुंबांत वादाला मोठेंच कारण लागतें असें नाहीं. एक अंडेंहि पुरतें. हल्लीं मुलें जपानी पदार्थांचीं चित्रें पाहतात आणि 'तामागोयाकी'चा, म्हणजे थरावर थर गुंडाळलेल्या जपानी ऑम्लेटचा, हट्ट धरतात. अंबरनाथ पश्चिमेंतील आमच्या घरींहि तो आला, तेव्हां सूनबाईनें विचारलें, "मामंजी, आईंच्या स्वयंपाकघरांत हें कसें चालावयाचें?" हा प्रश्न पुष्कळ घरांतला आहे; म्हणून त्याचा येथें विचार करूं.

प्रथम कृति. तीन अंडीं फेंस न काढतां मोडून ढवळावीं. त्यांत तीन चमचे पाणी, चिमूटभर मीठ, अर्धा चमचा साखर, थोडा सोया सॉस आणि बारीक चिरून वाफवलेलें गाजर, फरसबी व कांद्याची पात मिळून दोन चमचे घालावें. भाजी जाड राहिली तर थर फाटतो. तव्याला तेलाचें बोट लावून मध्यम आंचेवर मिश्रणाचा तिसरा हिस्सा पातळ पसरावा. वरची बाजू ओलसर आहे तोंच सुरळी करून कडेला सारावी. पुन्हां तेल लावून दुसरा हिस्सा ओतावा, सुरळी किंचित् उचलून तो तिच्या खालींहि जाऊं द्यावा, आणि तीच सुरळी त्यावरून गुंडाळीत आणावी. तिसऱ्या हिश्शाचें तसेंच. ओलसरपणामुळेंच थर एकमेकांस धरतात. जपान्यांचा यासाठीं चौकोनी तवा असतो; आपल्या गोल तव्यावर दोन्ही कडा आंत मुडपल्या म्हणजे काम भागतें.

येथें एक सावधगिरी अवश्य आहे. जपानांत साध्या पाण्याऐवजीं 'दाशी' नांवाचें सार घालतात, आणि तें बहुधा वाळविलेल्या बोनिटो माशाचें असतें. अंडें चालणाऱ्या पण मासा न चालणाऱ्या घरांत तो असा नकळत ताटांत येतो. तेथील बौद्ध मठांच्या शाकाहारी पाकांत 'कोंबु' या समुद्रवनस्पतीचें किंवा वाळलेल्या अळंब्यांचें पाणी वापरतात. तें घ्यावें, नाहींतर साधें पाणी पुरे.

अंडें हें जपान्यांचें सनातन अन्न, असाहि समज नको. इ. स. ६७५ मध्यें सम्राट तेंमु यानें गाय, घोडा, कुत्रा, माकड व कोंबडी यांचें मांस खाण्यास मनाई केली होती, आणि अंड्याविषयींचा संकोच तेथें कित्येक शतकें टिकला. पुढें १७८५ मध्यें मात्र अंड्याच्या शंभरावर कृति सांगणारें पुस्तक छापलें गेलें. आचार बदलतात, परंतु एका दुपारींत बदलत नाहींत, हें मुलांनीं ध्यानांत घ्यावें.

आतां जे अंडें खात नाहींत, त्यांचें काय? मराठी घरांनीं याचें अर्धें उत्तर पूर्वींच दिलें आहे. डाळीच्या पिठाच्या धिरड्याला आपण 'टोमॅटो ऑम्लेट' म्हणतों, त्यांत अंडें नसतें. आणि सुरळीची वडी ही तर पातळ पसरून गुंडाळण्याचीच कला आहे. एक वाटी बेसन, दोन चमचे तांदळाची पिठी, सुमारें दीड वाटी पातळ ताक, हळद, मीठ, आलें-मिरची आणि वरच्याच भाज्या घेऊन पीठ सरसरीत भिजवावें. कृति तीच, नियम मात्र उलटा: बेसन ओलसर राहिलें तर कच्चें लागतें, म्हणून प्रत्येक थर झांकण ठेवून पुरता शिजवावा आणि गरम असतांनाच गुंडाळावा. अंड्याइतका तो चिकटून बसत नाहीं. सुरळी पांच मिनिटें स्वच्छ फडक्यांत घट्ट बांधून ठेवावी, मग कापावी.

राहिला घरांतल्या वादाचा मुद्दा. अंड्याचा तवा व उलथनें निराळें ठेवावें, आणि दोन्ही पदार्थांना त्यांच्या खऱ्या नांवानें हांक मारावी. "यांत कांहीं नाहीं हो आजी," म्हणून वृद्धेला नकळत अंडें चारणें ही चतुराई नव्हे, फसवणूक आहे. तिचा विश्वास एकदां उडाला कीं ती सुनेच्या हातची साधी आमटीहि साशंकतेनें खाईल. तसेंच नातवाच्या ताटाकडे पाहून रोज नाक मुरडणें हें वडीलपणाला शोभत नाहीं. पदार्थ दोन असूनहि पंगत एक राहूं शकते; मात्र आपल्या ताटांत काय आहे, हें ज्याचें त्याला ठाऊक असलें पाहिजे.