खेळ कोणाचा, कप्तानी कोणाची ?

२ नोव्हेंबर २०२५ रोजीं नव्या मुंबईंत भारताच्या मुलींनीं दक्षिण आफ्रिकेस ५२ धावांनीं हरवून क्रिकेटचा विश्वचषक जिंकला. देशास आनंद झाला, आम्हांसहि झाला. परंतु देशाचा म्हणून जो संघ परदेशीं खेळावयास जातो, त्यांत राबतो कोण आणि मिरवतो कोण, याचा जुना जमाखर्च आमच्या शेतकरी व कारागीर बांधवांनीं एकदां तरी वाचावा.

सर्व हिंदुस्थानचा म्हणून पहिला क्रिकेटसंघ १९११ सालीं विलायतेस गेला. कप्तान कोण ? पतियाळाचे महाराज भूपेंद्रसिंग, वय वर्षें १९ ! महाराजांचा बराचसा काळ बादशहाच्या राज्यारोहणाचे समारंभ आणि मेजवान्या यांतच गेला. संघ २३ सामने खेळला, त्यांतले १५ हरला. मात्र त्याच पडत्या संघांत एका डावखुऱ्या गोलंदाजानें शंभराहून अधिक गडी बाद केले. केंब्रिज विद्यापीठाचे तर एकाच डावांत ८. हा गोलंदाज म्हणजे चांभार समाजांत जन्मलेले बाळू पालवणकर.

बाळूंचा जन्म १८७६ सालीं धारवाडास झाला. वडील पलटणींत नोकरीस. पुण्यास पारशांच्या क्लबांत मैदान झाडावयाचें व खेळपट्टीवर रूळ ओढावयाचा, पगार महिना ३ रुपये. पुढें गोऱ्या साहेबांच्या क्लबांत ४ रुपये झाले. तेथें साहेबांच्या सरावासाठीं तासन्तास चेंडू टाकावयाचे, बॅट मात्र हातीं मिळावयाची नाहीं. अशा रीतीनें हा मनुष्य गोलंदाजी शिकला. पुण्याच्या हिंदु क्लबांतील ब्राह्मण मंडळींस साहेबांना हरवावयाचें होतें, म्हणून त्यांनीं बाळूंस आपल्यांत घेतलें. घेतलें, पण तें मैदानापुरतेंच. चहाची वेळ झाली कीं बाकीचे आंत बसत आणि बाळूंनीं बाहेर उभें राहून मातीच्या भांड्यांत चहा प्यावयाचा. वाचकहो, चेंडू चामड्याचा. त्या चामड्याचा विटाळ कोणास झाला नाहीं. विटाळ झाला तो चेंडू टाकणाऱ्या हाताचा!

१९०६ सालीं मुंबईस हिंदूंच्या संघानें गोऱ्यांच्या संघास १०९ धावांनीं हरविलें. त्या विजयांत बाळूंचा मोठा वांटा होता, आणि त्यांचे धाकटे बंधू शिवराम हेहि त्या संघांत होते. असें असूनहि हिंदु संघाची कप्तानी रीतसर नेमणुकीनें बाळूंस जन्मांत कधीं मिळाली नाहीं. १९२० सालीं तर त्यांस संघांतूनच गाळलें, आणि कप्तान आजारी पडतांच ती जागा देवधरांस दिली. देवधर मोठे फलंदाज होते, यांत वाद नाहीं. पण विठ्ठल व शिवराम या पालवणकर बंधूंनीं ज्येष्ठतेचा हा अन्याय पाहून खेळण्यास साफ नकार दिला. नाक दाबल्यावर तोंड उघडलें. अंतिम सामन्यास बाळूंस उपकप्तान नेमावें लागलें. १९२३ सालीं विठ्ठल स्वतः कप्तान झाले आणि त्यांनीं गोऱ्यांस चीत केलें. या विठ्ठलरावांनीं आपलें क्रीडाजीवन १९४८ सालीं मराठींत छापलें. तें पुस्तक आज किती शाळांच्या कपाटांत सांपडेल ?

जन्मावरून पुढारी ठरविण्याची खोड पुढेंहि सुटली नाहीं. १९३२ सालीं भारत पहिला कसोटी सामना लॉर्ड्सवर खेळला. दौऱ्याचे कप्तान पोरबंदरचे महाराज. त्यांनीं निदान आपली योग्यता ओळखली व कसोटीस सी. के. नायडूंस पुढें केलें. १९३६ सालचे कप्तान विजयानगरमचे महाराजकुमार. त्यांच्या अमदानींत लाला अमरनाथांसारख्या खेळाडूस दौऱ्यावरून परत धाडण्यांत आलें, आणि तीनपैकीं दोन कसोट्या आपण हरलों. कप्तानी दौलतीला आणि पराभव देशाला !

याच्या उलट फुटबॉल पाहा. १९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्यें आपले बहुतेक गडी अनवाणी खेळले व फ्रान्सकडून २-१ असे थोडक्यांत हरले. पुढें संघ शिकविण्याचें काम हैदराबादच्या सय्यद अब्दुल रहीम यांच्याकडे आलें. हे पेशानें शाळामास्तर. त्यांच्या हाताखालीं भारतानें १९५१ सालीं दिल्लीस व १९६२ सालीं जकार्त्यास आशियाई सुवर्णपदक मिळविलें, आणि १९५६ सालीं मेलबर्न ऑलिंपिकमध्यें चौथा क्रमांक. सिकंदराबादेजवळच्या गरीब घरचा तुळशीदास बलराम या मास्तरांच्याच संघांत मोठा झाला. १९५६ पर्यंत आपला जिल्हा याच हैदराबाद राज्यांत होता. म्हणजे हे मास्तर आपल्याला कांहीं परके नव्हेत.

आज आपल्या जिल्ह्याच्या पोरास क्रिकेटमध्यें पुढें यावयाचें तर वाट पुण्यावरून जाते. तरीहि पैठणांत जन्मलेल्या अंकित बावणे यांनीं महाराष्ट्र संघाची कप्तानी केली. रान नापीक नाहीं, पाणी मिळत नाहीं. पोर खेळावयास गेलें कीं घरांत म्हणतात, वाया गेलें; आणि तेंच घर सामना पाहण्यासाठीं रात्र जागवितें ! ज्या गांवांत शाळेस मैदान नाहीं, किंवा कागदावर आहे पण कोणीं तरी नांगरून टाकलें आहे, तेथील पालकांनीं तलाठ्याकडे जाऊन ती जागा कोणाच्या नांवें आहे हें पाहावें, उतारा घ्यावा आणि २६ जानेवारीच्या ग्रामसभेंत विषय मांडावा. अर्जावर बायकांच्याहि सह्या घ्याव्या, कारण मैदान मुलींसहि लागणार आहे.