मालाडचा म्युनिकवाला

जुन्या ब्लॅक अँड व्हाइट सिनेमातली देविका राणी डोळ्यांसमोर आणा. आता सांगा, तिच्या गालावर तो मऊ उजेड पाडला कुणी? नाही येत? डोन्ट वरी, बॉस, फारसं कुणालाच येत नाही. त्याचं नाव जोसेफ विर्शिंग. जन्म १९०३, म्युनिक. मृत्यू १९६७, मुंबई.

विशी नुकतीच ओलांडलेला हा कॅमेरामन १९२५ मध्ये 'प्रेम संन्यास'साठी पहिल्यांदा भारतात आला. दिग्दर्शक फ्रान्झ ऑस्टेन, बुद्ध झाले होते हिमांशू राय. आहे कथापटच, पण सुरुवात चक्क डॉक्युमेंट्रीसारखी. परदेशी टुरिस्ट, खरे रस्ते, खरी गर्दी. पुढे १९३४ मध्ये राय आणि देविका राणी यांनी मालाडला बॉम्बे टॉकीज उभी केली आणि ऑस्टेनबरोबर विर्शिंगही तिथे आला. १९३९ पर्यंत तिथल्या बहुतेक सिनेमांचा कॅमेरा त्याच्याच हातात होता.

त्यातला 'अछूत कन्या' मी परवा वडनेरला आजीला लॅपटॉपवर दाखवला. रेल्वेचं फाटक आलं तशी ती म्हणाली, "हे तं आपल्या इकडलंच दिसते वं!" मालाडच्या जर्मन कॅमेऱ्याला हिंगणघाट तालुक्यातून मिळालेलं हे सर्टिफिकेट! सिनेमा १९३६ चा. त्याच वर्षी आमच्या वर्ध्याजवळच्या शेगावात, म्हणजे आजच्या सेवाग्रामला, गांधीजी राहायला आले. आणि त्याच वर्षी ऑस्टेन नाझी पक्षाचा सभासद झाला. अस्पृश्य मुलीची गोष्ट सांगणारा दिग्दर्शक आणि त्याच्या खिशात असलं कार्ड! डोकं गरगरतं.

१९३९ मध्ये युद्ध पेटलं. ब्रिटिशांनी या जर्मनांना शत्रू ठरवून नजरकैदेत टाकलं. ऑस्टेन सुटून मायदेशी गेला. विर्शिंगची मात्र युद्धाची वर्षं छावण्यांत गेली. ज्या देशात कैद भोगली, तिथे पुन्हा कोण राहील? हा राहिला. पुन्हा कॅमेरा उचलला आणि १९४९ मध्ये काय दिलं, तर 'महल'! वादळी रात्र, ओसाड हवेली, झोपाळ्यावरची मधुबाला. लताबाईंच्या त्या गाण्याचं कौतुक सगळे करतात, पण त्यातला काटा येतो तो अंधारामुळे, आणि तो अंधार या माणसाचा.

फावल्या वेळात तो लायका कॅमेऱ्यानं सेटवरचे फोटोही काढायचा. मेकअप, ट्रॉल्या, शॉटची वाट बघत बसलेले नट. हजारो फोटो. घरच्यांनी ते जपले, म्हणून २०१७ मध्ये गोव्याच्या सेरेंडिपिटी आर्ट्स फेस्टिव्हलमध्ये लोकांना बघायला मिळाले.

शेवटचा सिनेमा 'पाकीजा'. शूटिंग वर्षानुवर्षं रखडलं. मध्येच, १९६७ मध्ये, विर्शिंग गेला. राहिलेलं काम दुसऱ्या कॅमेरामननी पुरं केलं आणि १९७२ मध्ये सिनेमा लागला. या वीकेंडला बघणार असाल तर टायटल्स पळवू नका. त्याचं नाव आहे तिथे.